स्कॅफॉइडचं फ्रॅक्चर: पुढून उघडायचं, मागून, की उघडायचंच नाही?

पाऊलवाट

नमस्कार मंडळी. सव्वा महिन्यापूर्वी ओल्या पायरीवरून घसरलो आणि उजवा तळहात टेकवून पडलो. मनगट थोडं सुजलं, पण बोटं हलत होती, त्यामुळे फारशी काळजी वाटली नाही. त्याच दिवशी एक्स-रे काढला, त्यात काही दिसलं नाही. ‘मुरगळलंय, पट्टी बांधा, दोन आठवड्यांत बरं वाटेल,’ असं सांगितलं गेलं. पुन्हा एक्स-रेला या, असं कोणी म्हटलं नाही आणि मलाही ते सुचलं नाही. सूज उतरली, दुखणं मात्र राहिलं. दार ढकलताना किंवा खुर्चीच्या हातावर जोर देऊन उठताना अंगठ्याच्या मुळाशी कळ येते.

गेल्या आठवड्यात सीटी स्कॅन झाला. स्कॅफॉइड नावाच्या हाडाच्या मधोमध फ्रॅक्चर, तुकड्यांमध्ये साधारण दीड मिलिमीटरची फट.

त्यानंतर तीन सर्जनना भेटलो. पहिले म्हणाले, तळहाताच्या बाजूने छेद घेऊ, फटीत हाड भरू आणि स्क्रू बसवू. दुसरे म्हणाले, मागच्या बाजूने, अगदी छोट्या छिद्रातून स्क्रू घालू. तिसरे म्हणाले, आधी प्लास्टर घालून बघू. तिघंही अनुभवी आहेत, तिघांनीही वेळ देऊन नीट समजावलं. तरीही घरी आल्यावर माझ्या हातात तीन कागद आणि तीन वेगळे रस्ते होते.

मला कोण बरोबर हे ठरवायचं नाही. एकाच हाडासाठी तीन उत्तरं का निघतात, ते समजून घ्यायचं आहे. कुणी यातून गेलं असेल किंवा या क्षेत्रातलं कुणी असेल तर जरूर लिहा.

निळीशाई

मी यातून गेलेय. माझंही असंच ‘मुरगळलंय’ म्हणून राहून गेलं होतं, आणि कळेपर्यंत आठ महिने झाले होते. सविस्तर लिहिते रात्री. तोवर एकच सांगते, त्या हातावर भार टाकू नका.

मनगटमित्र

मी हाताच्या शस्त्रक्रिया करतो. इथून कुणाला सल्ला देणं योग्य नाही, पण ‘तीन उत्तरं का’ हा प्रश्न चांगला आहे आणि त्याचं उत्तर त्या हाडातच आहे. थोडं मुळापासून सांगतो.

मनगटात आठ छोटी हाडं असतात, दोन रांगांमध्ये. स्कॅफॉइड हे एकच हाड दोन्ही रांगांना जोडणारं. आकार होडीसारखा, म्हणून ग्रीक भाषेतल्या होडीच्या शब्दावरून नाव पडलं. मनगटातल्या आठांपैकी सगळ्यात जास्त मोडतं ते हेच. तळहात टेकवून पडलं की मनगट मागे वाकतं आणि सगळा भार या होडीच्या कमरेवर येतो. डॉक्टर ‘वेस्ट’ म्हणतात ती हीच कंबर. सुमारे दोन तृतीयांश फ्रॅक्चर तिथेच होतात.

आता यातली खरी अडचण. या हाडाचा ८० टक्क्यांच्या आसपास पृष्ठभाग कूर्चेने झाकलेला आहे, म्हणजे रक्तवाहिन्यांना आत शिरायला जागाच थोडी. गेल्बरमन आणि मेनन यांनी १९८० मध्ये रक्तवाहिन्यांत रंग भरून दाखवलं की हाडाचा ७० ते ८० टक्के भाग, कोपराकडचं टोक धरून, मागच्या कण्यावरून (हाताच्या पाठीकडच्या उंच कडेवरून) शिरणाऱ्या वाहिन्यांवर जगतो. या वाहिन्या शिरतात कमरेच्या आसपास किंवा तिच्याही पुढे, बोटांच्या बाजूला, आणि मग उलट्या, कोपराच्या दिशेने जातात. नदी उगमाकडे वाहावी तसं. त्यामुळे कमरेवर हाड मोडलं की कोपराकडच्या टोकाचं रक्त कमी होतं. फ्रॅक्चर जितकं कोपराकडे, तितका धोका मोठा. अगदी टोकाच्या लहान तुकड्याला तर जवळजवळ काहीच उरत नाही.

त्यात हे हाड सांध्याच्या द्रवात बुडालेलं. मांडीच्या हाडासारखा बाहेरून कॅलसचा, म्हणजे नव्या हाडाचा, गठ्ठा तयार होऊन ते धरून ठेवलं जात नाही, आतल्या आतच जुळावं लागतं. आणि ते जुळायला दोन्ही तुकडे हलता कामा नयेत.

म्हणून कुठलाही सर्जन चार गोष्टी बघतो: फ्रॅक्चर नेमकं कुठे आहे, तुकडे किती सरकले आहेत, हाड वाकलं आहे का, आणि पडून किती दिवस झाले. तुमचे तिघे बहुधा या चारपैकी वेगवेगळ्या गोष्टीला जास्त वजन देत आहेत.

क्षकिरण

रेडिओलॉजीत आहे, माझ्या बाजूचं सांगतो. पहिल्या एक्स-रेत फ्रॅक्चर न दिसणं हे या हाडाच्या बाबतीत नेहमीचं आहे. २० टक्क्यांपर्यंत फ्रॅक्चर पहिल्या दिवशी सुटू शकतात. त्यामुळे अंगठा ताठ केल्यावर त्याच्या मुळाशी जो खळगा पडतो, तिथे दाबून दुखत असेल तर एक्स-रे कोरा असला तरी फ्रॅक्चर आहे असंच धरून हात स्थिर करायचा आणि दहा ते चौदा दिवसांनी पुन्हा तपासायचं, किंवा लगेच एमआरआय करायचा. एमआरआयमध्ये ते पहिल्या एक-दोन दिवसांतही दिसतं. तुमच्या बाबतीत ही पायरी राहून गेली, याचं वाईट वाटतं.

आता तुमच्या सीटीबद्दल. ‘दीड मिलिमीटर फट’ एवढ्यावर थांबू नका. स्कॅफॉइड मनगटात तिरकं बसलेलं असतं, अंदाजे ४५ अंशांत. मनगटाच्या सरळ रेषेत काप घेतले तर हाड तिरकं कापलं जातं आणि त्याचं वाकणं झाकलं जातं. हाडाच्या स्वतःच्या लांबीच्या अक्षात काप पुन्हा मांडून घ्या. मूळ स्कॅनचा डेटा जपून ठेवलेला असेल तर त्यासाठी नव्याने स्कॅन करावा लागत नाही. त्या कापात हाडाच्या दोन टोकांमधला कोन मोजता येतो. तो ३५ अंशांच्या वर गेला की हाड पाठीकडे कुबड काढून वाकलंय असं समजायचं. फट, कोन आणि ल्युनेट या शेजारच्या हाडाचा कल हे तिन्ही आकडे अहवालात मागून घ्या.

पाऊलवाट

धन्यवाद! हे कोणीच सांगितलं नव्हतं. उद्याच विचारतो. माझ्या अहवालात कोनाचा उल्लेखच नाही.

शल्यरेखा

मीही अस्थिशल्यचिकित्सक आहे. मनगटमित्र यांनी पाया छान मांडलाय. मी थेट दारांबद्दल लिहिते, कारण तुमचा प्रश्न तिथे अडकलाय.

पुढचं दार, म्हणजे तळहाताकडून. ऑस्ट्रियातले ओटो रुसे यांनी १९६० मध्ये मांडलेल्या पद्धतीवरून हा मार्ग रुळला. मनगटाच्या पुढच्या बाजूला, अंगठ्याच्या जवळ जी ठळक दोरी हाताला लागते (फ्लेक्सर कार्पी रेडिॲलिस), तिच्या रेषेत छेद घ्यायचा, ती बाजूला करायची आणि खालचं सांध्याचं आवरण उघडायचं. इथे एक मजबूत अस्थिबंध आडवा येतो, रेडियसपासून (कोपर ते मनगट यांतलं अंगठ्याकडचं हाड) स्कॅफॉइडवरून मनगटातल्या कॅपिटेट या हाडाकडे जाणारा. तो थोडा कापावा लागतो आणि बंद करताना नीट शिवावाच लागतो, नाहीतर मनगट पुढे ढिलं पडतं. या दाराचा मोठा गुण असा की हाडाला रक्त देणाऱ्या मुख्य वाहिन्या मागे आहेत, त्यांना हात लागत नाही. आणि कुबड काढून वाकलेलं हाड सरळ करायचं असेल, फटीत पाचरीसारखा हाडाचा तुकडा बसवायचा असेल, तर ते इथूनच होतं. कारण पोकळी पुढच्या बाजूला असते.

मागचं दार. मनगट वाकवून हाताच्या पाठीकडून. अंगठा उचलणारी लांब दोरी बाजूला केली की स्कॅफॉइडचं कोपराकडचं टोक समोर येतं. टोकाजवळचं फ्रॅक्चर असेल तर हाच मार्ग. पुढून घातलेल्या स्क्रूला टोकाच्या इवल्या तुकड्यात पकड मिळत नाही, मागून तो आधी त्याच तुकड्यात शिरतो. मात्र मागे काम करताना हाडाचा कणा अजिबात खरवडायचा नाही. उरलंसुरलं रक्त तिथूनच येतं.

मनगटाची हाडं निखळण्याबरोबर स्कॅफॉइड मोडलं असेल, तर बहुतेक सर्जन मागूनच जातात आणि तिथे प्लास्टरचा प्रश्नच येत नाही. तो वेगळा, तातडीचा प्रकार.

आणि तिसरं, छिद्रातून. चार-पाच मिलिमीटरचा छेद, सी-आर्मखाली (ऑपरेशन चालू असताना एक्स-रे दाखवणारं यंत्र) बारीक गाईड-वायर, तिच्यावरून आतून पोकळ असलेला स्क्रू. हे पुढूनही करता येतं आणि मागूनही. कमरेचं फ्रॅक्चर, तुकडे सरकलेले नाहीत, पडून फार दिवस झालेले नाहीत, अशा हाडासाठी ही सुंदर पद्धत आहे. आवरण आणि अस्थिबंध न कापता काम होतं.

मनगटमित्र

सहमत. पण कमरेच्या फ्रॅक्चरसाठी मागून छिद्रातून जाण्याबद्दल माझं मत थोडं वेगळं आहे. मागून जायचं तर मनगट बरंच वाकवावं लागतं. फ्रॅक्चर कच्चं असेल तर त्या वाकण्याने तुकडे अजून कुबड काढतात, आणि मग त्याच चुकलेल्या स्थितीत स्क्रू आवळला जातो. शिवाय शिरण्याचं छिद्र रेडियसशी रोज घासणाऱ्या कूर्चेत पडतं. मी कमरेसाठी पुढूनच जातो.

शल्यरेखा

तो धोका खराच आहे. पण पुढूनही अडचण आहेच, दादा. अंगठ्याच्या बुडाचं ट्रॅपिझियम हाड वाटेत येतं. ते चुकवायच्या नादात वायर तिरपी जाते आणि स्क्रू हाडाच्या मधल्या अक्षात बसत नाही. मधोमध बसलेला स्क्रू तुकड्यांना जास्त घट्ट धरतो, हे प्रयोगशाळेत मोजून दाखवलेलं आहे. मागून ती मधली रेषा सहज सापडते. मी आधी दोन जाड वायर तुकड्यांत घालून त्यांच्या साहाय्याने हाड सरळ करते, पक्कं धरते, मगच मनगट वाकवते.

तुम्ही ट्रॅपिझियमच्या कडेतून थोडी वाट करून जाता का?

मनगटमित्र

हो, बऱ्याचदा. मनगट मागे आणि करंगळीकडे झुकवलं की ट्रॅपिझियम बरंचसं सरकतं. तरीही आड आलं तर त्याच्या कडेतून वायर नेतो. तुमचं आधी वायरने सरळ करणं मला पटलं. म्हणजे शेवटी आपला वाद दाराचा कमी आणि स्क्रू आवळण्यापूर्वी हाड खरंच सरळ झालंय का, याचाच जास्त.

कातळवेडी

माझ्या डाव्या हाताला मागून छिद्रातूनच स्क्रू घातला होता. फ्रॅक्चर कमरेचं, न सरकलेलं, पडल्यापासून नवव्या दिवशी ऑपरेशन. हाड सुरेख जुळलं. पण स्क्रूचं टोक जेमतेम एक मिलिमीटर बाहेर राहिलं होतं. मनगट मागे नेलं की आत काहीतरी टोचायचं, आणि अंगठा उचलताना दोरी घासल्यासारखी करकरायची. वर्षभराने स्क्रू काढला, तेव्हा कुठे ते थांबलं.

पाऊलवाट, तुम्ही सर्जनना स्क्रूची लांबी कशी ठरवतात हे नक्की विचारा. मला आधी माहीत असतं तर मी विचारलं असतं.

शल्यरेखा

कातळवेडी, हे लिहिलंत ते फार बरं केलंत. आम्ही वायरवरून हाडाची लांबी मोजतो आणि त्यातून साधारण चार मिलिमीटर वजा करून स्क्रू निवडतो, म्हणजे दोन्ही टोकं कूर्चेखाली दोन-दोन मिलिमीटर बुडलेली राहतात. होडीच्या वळणामुळे सी-आर्मवर एका बाजूने स्क्रू आत दिसतो आणि दुसऱ्या बाजूने बाहेर असतो. म्हणून हात फिरवत वेगवेगळ्या कोनांतून बघणं भाग आहे.

अनवाणी

एक साधा प्रश्न. डोकं नसलेला स्क्रू तुकडे आवळतो कसा? सुताराच्या स्क्रूला डोकं असतं, ते लाकडावर दाबलं जातं, म्हणून दोन फळ्या जवळ येतात. इथे तर डोकंच नाही.

मनगटमित्र

छान प्रश्न. हाडाला सगळीकडे कूर्चा असल्यामुळे डोकं बाहेर ठेवायला जागाच नाही, आणि नेमक्या याच अडचणीवर टिमोथी हर्बर्ट यांनी उत्तर काढलं. ऑस्ट्रेलियातले सर्जन. फिशर यांच्यासोबत त्यांनी १९८४ मध्ये ते प्रसिद्ध केलं. स्क्रूच्या दोन्ही टोकांना आटे आहेत, पण पुढच्या टोकाच्या आट्यांमधलं अंतर जास्त आणि मागच्या टोकाचं कमी. एका फेऱ्यात पुढचा भाग जास्त सरकतो, मागचा कमी. त्यामुळे दोन तुकडे एकमेकांकडे ओढले जातात आणि अख्खा स्क्रू हाडाच्या आत लपतो. पुढे आतून पोकळ स्क्रू आले, पूर्ण लांबीभर आटे असलेले निमुळते स्क्रू आले, पण मूळ कल्पना तीच. छिद्रातून करायची आजची पद्धत या कल्पनेशिवाय उभीच राहिली नसती.

अनवाणी

वा! आता कळलं. धन्यवाद.

निळीशाई

काल लिहिते म्हटलं होतं, आज जमलं.

माझं फ्रॅक्चर कमरेवरच होतं. आठ महिन्यांत तुकडे एकमेकांना चिकटलेच नाहीत, मधे पोकळी झाली आणि हाड कुबड काढून वाकलं. मनगट मागे जाईना, मुठीत जोर राहिला नाही. डॉक्टरांनी पुढून उघडलं, फटीतलं मेलेलं हाड आणि मऊ ऊती खरवडून काढली, हाड सरळ करून पाचरीच्या आकाराचा तुकडा बसवला आणि वर स्क्रू. तो तुकडा शरीराच्या कमरेवर हात ठेवल्यावर हाताला लागते त्या हाडाच्या कडेतून घेतला होता.

त्या जागेबद्दल मला कुणी तयार केलं नव्हतं. पहिले दोन आठवडे मनगटापेक्षा तिथे जास्त दुखायचं, कुशीवर वळता येत नव्हतं. पण तो तुकडा घट्ट होता, त्याने हाडाची उंची परत मिळवून दिली. चार महिन्यांनी सीटीत हाड जुळलेलं दिसलं त्या दिवशी मी दवाखान्याच्या बाकावर बसून रडले. आज लिहिता येतं, पिशवी उचलता येते. मनगट दुसऱ्या हातापेक्षा थोडं कमी वाकतं, एवढंच.

मनगटमित्र

निळीशाई, नीट सांगितलंत. त्या कडेला इलिॲक क्रेस्ट म्हणतात. हाड वाकलेलं असताना पुढून पाचर बसवायची ही पद्धत फर्नांडेझ यांनी १९८४ मध्ये नेटकेपणाने मांडली, त्याआधी फिस्क यांनी कल्पना दिली होती. आता रेडियसच्याच पुढच्या भागातून, तोच छेद थोडा वर वाढवून, हाड घेता येतं. पोकळी फार मोठी नसेल तर मी तेच करतो. दुसरी जखम वाचते.

जुनापूल

रक्तवाहिनीसकट हाड बसवतात असं ऐकलं होतं. ते कधी लागतं?

शल्यरेखा

कोपराकडच्या टोकाचं रक्त तुटलेलं असेल तेव्हा विचारात घेतात. ऑपरेशनमध्ये टूर्निके (रक्त थांबवायला दंडाला आवळलेला पट्टा) सोडून त्या तुकड्यातून रक्ताचे ठिपके येतात का, ते बघतात. ठिपके आले तर साध्या कलमावर माझा भरवसा बसतो. नाही आले तर रेडियसच्या मागच्या बाजूचा, छोट्या रक्तवाहिनीच्या देठासकटचा तुकडा फिरवून आणता येतो. झायदेम्बर्ग यांनी तो १९९१ मध्ये सांगितला. हाड वाकलंही असेल आणि टोक मेलेलंही असेल, तर गुडघ्याजवळ मांडीच्या हाडाच्या आतल्या बाजूचा तुकडा रक्तवाहिनीसकट घेऊन सूक्ष्मदर्शकाखाली जोडतात. ते मोठं काम आहे आणि नेहमी करणाऱ्याच हातांनी करावं.

माझं मत विचाराल तर नुसता एमआरआय पांढरा-काळा दिसला म्हणून कोणी या मार्गाला जाऊ नये. आधी हाड सरळ होणं आणि पक्कं धरलं जाणं. बऱ्याच ठिकाणी तेवढ्याने काम होतं.

जुनापूल

मी मुद्दाम विचारलं. माझं फ्रॅक्चर तिशीत झालं, आणि कळलं पंचेचाळिशीत. तोवर मनगटात झीज पसरली होती. आधी रेडियसच्या टोकाशी, मग मधल्या सांध्यात. माझं स्कॅफॉइड काढून उरलेल्यांपैकी चार हाडं एकमेकांना जोडून टाकली. दुखणं जवळजवळ गेलं, पण मनगटाची निम्मी हालचालही गेली. पाऊलवाट, तुमचे सव्वा महिने म्हणजे काहीच नाहीत. अजून हाड वाचवायच्या गोष्टी चालल्यात, याला मोल आहे.

पाऊलवाट

हे वाचून बराच वेळ काही सुचलं नाही. धन्यवाद, काका.

एक राहिलंच. मग तिसऱ्या डॉक्टरांनी प्लास्टर का सुचवलं? मी नेटवर वाचलं की ब्रिटनमध्ये मोठा अभ्यास झालाय आणि त्यात ऑपरेशनचा फायदा दिसला नाही.

मनगटमित्र

तो स्विफ्ट अभ्यास. लॅन्सेटमध्ये २०२० साली आला. ४३९ प्रौढ रुग्ण, कमरेचं फ्रॅक्चर, सरकणं दोन मिलिमीटरपर्यंत. निम्म्यांना लगेच स्क्रू, निम्म्यांना प्लास्टर. वर्षभरानंतर मनगटाचं दुखणं आणि वापर यांत दोन गटांत अर्थपूर्ण फरक दिसला नाही. ऑपरेशनवाल्या गटात गंभीर म्हणता येतील अशा गुंतागुंती १४ टक्क्यांना, प्लास्टरवाल्यांत १ टक्क्याला. प्लास्टरमुळे होणारे त्रास अर्थातच दुसऱ्या गटात जास्त. मी हा अभ्यास मनापासून मानतो. त्यामुळे न सरकलेल्या ताज्या फ्रॅक्चरला मी आधी प्लास्टरच सुचवतो.

पण दोन अटी तुम्ही लक्षात घ्या. त्या अभ्यासातले रुग्ण पडल्यापासून दोन आठवड्यांच्या आत आलेले होते. आणि प्लास्टरवाल्यांना सोडून दिलेलं नव्हतं. सहा ते बारा आठवड्यांत तपासायचं आणि हाड जुळत नाही असं दिसलं की लगेच स्क्रू घालायचा, असं ठरलेलं होतं. तुम्हाला पाच आठवडे होऊन गेलेत आणि त्या काळात मनगट मोकळं हलत होतं. चार आठवड्यांहून उशीर झाला की नुसत्या प्लास्टरने हाड जुळण्याची खात्री कमी होते. तिसऱ्या डॉक्टरांना पडल्याची तारीख नीट सांगितली होती का?

पाऊलवाट

आता आठवतंय, मी ‘काही दिवसांपूर्वी’ असं म्हणालो होतो. तारीख कुणी विचारली नाही, मी सांगितली नाही. चूक माझीही.

क्षकिरण

दुसऱ्या टोकाचाही आकडा लिहून ठेवतो. पूर्ण वेळ लष्करी नोकरीतल्या २५ जणांवरचा अमेरिकेतला एक छोटा अभ्यास २००१ मध्ये आला होता. न सरकलेलं कमरेचं फ्रॅक्चर. छिद्रातून स्क्रू घातलेल्यांचं हाड सरासरी ७ आठवड्यांत जुळलं, प्लास्टरवाल्यांचं १२ आठवड्यांत. कामावर परतणं ८ विरुद्ध १५ आठवडे. म्हणजे हाताचं काम लवकर सुरू करणं ज्यांना अत्यावश्यक आहे, त्यांच्याशी ऑपरेशनबद्दल बोलायला जागा आहे. दोन्ही अभ्यास खरे आहेत, विचारलेला प्रश्न वेगळा आहे.

हस्तोपचार

मी हातांची फिजिओथेरपी करते. ऑपरेशन कुठूनही होवो, पहिल्या दिवसापासून बोटं पूर्ण मिटायची, पूर्ण उघडायची, खांदा आणि कोपर हलवायचं. प्लास्टरमधून बाहेर असलेली बोटं न हलवल्याने आखडलेले हात मी जास्त बघते, मनगट आखडल्याने आलेले कमी. दिवसातून पाच-सहा वेळा हात हृदयाच्या वर धरायचा.

पुढच्या दाराने गेलेल्यांचा व्रण अंगठ्याच्या मुळाशी असतो आणि टेबलावर हात टेकवला की नेमका तिथेच दाब येतो. टाके निघाल्यावर त्याला रोज हलकं चोळायचं. मागून गेलेल्यांना मूठ वळून मनगट खाली वाकवताना जास्त ओढ लागते. हे दोन्ही आधी कळलं तर माणूस घाबरत नाही.

आणि धूम्रपान करत असाल तर आजच बंद. हाड न जुळण्यामागे ते सारखं सापडतं.

पाऊलवाट

नवीन माहिती. अक्षात पुन्हा मांडलेले काप मिळाले. कोन ४१ अंश. फट दीड मिलिमीटर, मुख्यतः पुढच्या बाजूला. कोपराकडचं टोक जिवंत दिसतंय. तिन्ही डॉक्टरांकडे तेच काप आणि पडल्याची तारीख घेऊन परत गेलो. प्लास्टर सुचवणाऱ्यांनी बघताक्षणी सांगितलं, ‘आता मी प्लास्टर सुचवणार नाही.’ मागून जायचं म्हणणारे म्हणाले, हाड वाकलेलं असेल तर पुढूनच उघडलेलं बरं. तिघांची उत्तरं एकाच ठिकाणी आली. पुढून, रेडियसमधलं हाड घेऊन, पुढच्या मंगळवारी.

शल्यरेखा

छान. अस्थिबंध शिवला का, आणि स्क्रू मधल्या रेषेत आहे का, एवढं नंतर विचारून ठेवा. शुभेच्छा.

पाऊलवाट

साडेतीन महिन्यांनी परत आलोय. ऑपरेशन दंडाच्या मज्जातंतूंना बधिर करून झालं, मी जागा होतो. कोन ४१वरून २९ वर आला. बारा आठवड्यांच्या सीटीत फटीचा निम्म्याहून जास्त भाग हाडाने भरून जोडला गेलाय. व्रणावर अजून दाब सहन होत नाही. मनगट पुढे छान वाकतं, मागे कमी.

हस्तोपचार, डॉक्टर म्हणाले हळूहळू भार टाका. जमिनीवर हात टेकवून व्यायाम कधी?

हस्तोपचार

फार आनंद झाला! जमिनीवर इतक्यात नाही. आधी भिंतीवर तळहात टेकवून, शरीर थोडं पुढे झुकवून बघा. दोन आठवडे न दुखता जमलं तर टेबलाच्या कडेवर. तेही जमलं तर जमिनीवर, पण सुरुवातीला मूठ वळून, मनगट सरळ ठेवून. खळग्यात कळ आली तर त्याच दिवशी थांबायचं आणि डॉक्टरांना कळवायचं. तळहात पसरून पूर्ण भार टाकायचा तो सहा महिन्यांचा एक्स-रे बघितल्यावर.